आज तुम्ही कुणाच्या बाजूने?

आयर्लंडच्या केरी काउंटीत, म्हणजे जिल्ह्यात, फुटबॉलचा सगळ्यात मानाचा कप जो जिंकतो, तो पुढे प्रांताच्या स्पर्धेला जातोच असं नाही. 2022 साली बिशप मॉयनिहान कप जिंकला पूर्व केरीने, आणि मन्स्टर प्रांतात केरीतर्फे खेळायला गेला ट्रॅली शहरातला केरिन्स ओ'राहिलीज हा क्लब. मला हे पहिल्यांदा सांगितलं तेव्हा वाटलं, नवखी बघून फिरकी घेताहेत. आमच्या नर्सिंग होममध्ये, म्हणजे वृद्धांच्या निवासात, फिरकी घेणं हा जेवणानंतरचा मुख्य उद्योग आहे, त्यामुळे संशय रास्त होता. पण नियम खरंच तसा आहे, आणि तो समजून घेता घेता माझा तो अख्खा हंगाम गेला.

मी किलार्नीत काम करते. आयर्लंडच्या नैऋत्येला असलेलं हे पर्यटकांचं गाव. सरोवरं, घोडागाड्या, हॉटेलं, आणि मागे मॅकगिलीकडी रीक्सचे डोंगर, जे बहुतेक वेळा ढगातच बसलेले असतात. इथे नुसतं फुटबॉल म्हटलं की गेलिक फुटबॉल. चेंडू हातात घेता येतो, लाथेने मारता येतो, मुठीने किंवा पंजाने ठोकून पास देता येतो. फक्त हातात धरून चार पावलांच्या वर पळायचं नाही. मग एक टप्पा टाकायचा, नाहीतर पळता पळता चवड्यावरून उडवून परत हातात घ्यायचा. हे शेवटचं दिसायला सोपं आहे. आमच्या अंगणात एकदा करून बघा. गोलचे खांब इंग्रजी एच अक्षराच्या आकाराचे. चेंडू आडव्या दांडीवरून गेला तर एक गुण, खालून जाळ्यात गेला तर गोल, म्हणजे तीन गुण. खांबाजवळ लांब पांढरे कोट घातलेले दोघे उभे असतात; गुण झाला की पांढरं निशाण हलवतात, गोल झाला की हिरवं. 2025 पासून लांबून मारलेल्या किकला दोन गुण मिळायला लागलेत, पण मी सांगतेय तो हंगाम त्याच्या आधीचा, साधा हिशेबाचा.

पैसे कुणालाच मिळत नाहीत. डब्लिनच्या क्रोक पार्क मैदानावर ऐंशी हजार माणसांसमोर खेळणारा पोरगा सोमवारी शाळेत शिकवायला जातो, नाहीतर बँकेत बसतो. आणि खेळाडूला क्लब निवडायची मुभा नसल्यातच जमा. ज्या पॅरिशमध्ये, म्हणजे ज्या चर्चच्या हद्दीत वाढलात, तिथला क्लब तुमचा. मरेपर्यंत. बदली मागता येते, पण ती मागणाऱ्याकडे लोक कसं बघतात ते मी पाहिलंय.

आता मूळ गुंत्याकडे. केरीची लोकसंख्या दीड लाखाच्या थोडी वर, आणि क्लब सत्तरएक. त्यांतले मोजकेच वरच्या, सीनियर श्रेणीत. बाकीचे इंटरमिजिएट, ज्युनियर आणि त्याखालचे. एखाद्या खेड्याच्या क्लबाकडे पंधरा पोरं जमवतानाच मारामार असते. त्यांनी ट्रॅलीच्या किंवा किलार्नीच्या मोठ्या क्लबांपुढे उभं कसं राहायचं? म्हणून केरीने तोड काढली. एका भागातले लहान क्लब मिळून एक विभागीय संघ करायचा: पूर्व केरी, मध्य केरी, दक्षिण केरी, पश्चिम केरी, फील रेंजर्स, शॅनन रेंजर्स वगैरे. हे संघ मोठ्या क्लबांच्या बरोबरीने काउंटीच्या चॅम्पियनशिपमध्ये उतरतात. पण प्रांताची स्पर्धा आहे क्लबांची, विभागांची नव्हे. त्यामुळे विभागाने कप जिंकला, तर सीनियर क्लबांच्या वेगळ्या स्पर्धेत जो पहिला आलेला असेल तो पुढे जातो. म्हणजे एकच माणूस एका शनिवारी आपल्या खेड्यासाठी खेळतो, पुढच्या शनिवारी शेजारच्या दहा खेड्यांबरोबर विभागासाठी खेळतो, आणि फारच चांगला असेल तर उन्हाळ्यात हिरव्या-सोनेरी जर्सीत काउंटीसाठी.

आमच्या बैठकीच्या खोलीत हा सगळा नकाशा खुर्च्यांवर बसलेला असे.

खरी नावं लिहिणं बरं नाही. इथे नव्वदीच्या माणसालाही पहिल्या नावाने हाक मारायची पद्धत आहे, मला ती अजूनही जड जाते, म्हणून मनातल्या मनात मी त्यांना आपली नावं दिलीत. खिडकीपाशी तात्या: लिस्ट्री पॅरिशचे शेतकरी, कान मंद, मत तिखट. दारापाशी बापू: ट्रॅलीच्या स्ट्रँड रोडचे, म्हणजे केरिन्स ओ'राहिलीजचे, एकेकाळचे पोस्टमन. दोघांच्या मधे माई: राथमोरच्या, पार कॉर्कच्या सीमेवरच्या, सहा मुलांची आई, हातात सतत विणकाम. आणि स्वयंपाकघरात आमची आचारीण, फॉसाची. फॉसा किलार्नीला लागूनच आहे, पश्चिमेला किलॉर्गलिनच्या रस्त्यावर. तिथे मोठ्या क्रेन बनवणारा कारखाना आहे, 1958 पासूनचा. मायकल फासबेंडर हा नट तिथलाच. पण फॉसाचं नाव घेतलं की केरीत कारखानाही आठवत नाही आणि नटही. आठवतात ते क्लिफर्ड भाऊ, पॉडी आणि डेव्हिड.

डेव्हिड क्लिफर्डविषयी लिहायला बसले तर लेख तिथेच संपेल. 1999 सालचा जन्म. 2017 मध्ये अठराव्या वर्षी मायनर, म्हणजे कुमार, गटाच्या अखिल आयर्लंड अंतिम सामन्यात त्याने एकट्याने चार गोल आणि चार गुण केले होते, म्हणजे सोळा. डावा पाय. उंच. मी पाहिलंय तेवढ्यावरून सांगते, त्याच्याकडे चेंडू येण्याआधीच सगळं मैदान त्याच्याकडे वळतं, आणि तो मात्र गर्दीत उगाच उभा असल्यासारखा असतो.

2022 हे वर्ष वेगळं होतं, कारण त्या वर्षीपासून हंगामाचे सरळ दोन तुकडे केले. आधी काउंट्यांचे आपसातले सामने, मग क्लबांचे. पूर्वी काउंटीचा अंतिम सामना सप्टेंबरात व्हायचा, आणि क्लबची पोरं उन्हाळाभर ताटकळायची; काउंटी जिंकत राहिली की क्लबचे सामने पुढे ढकललेच. नव्या वेळापत्रकात काउंटीचं सगळं जुलैअखेर संपलं. 24 जुलैला केरीने क्रोक पार्कवर गॅलवेला 20 विरुद्ध 16 गुणांनी हरवलं, आठ वर्षांनी अखिल आयर्लंड विजेतेपद आलं. वीसपैकी आठ गुण एकट्या डेव्हिडचे. त्या दिवशी आमच्या खोलीत चारही पक्ष एक होते. तात्यांनी बापूंचा हात हातात घेतल्याचं मी तेव्हाच पाहिलं, त्याआधी नाही आणि नंतरही नाही.

तेव्हाची एक गोष्ट मला फार आवडली. कप उचलायला दोघं गेले: मैदानावर कर्णधारपद सांभाळलेला शॉन ओ'शे, आणि जो ओ'कॉनर, जो त्या दिवशी सुरुवातीच्या पंधरात नव्हता. मग तो का? तर केरीत असा रिवाज आहे की आदल्या वर्षीची काउंटी चॅम्पियनशिप जिंकणाऱ्यांनी पुढच्या वर्षीचा केरीचा कर्णधार सुचवायचा. 2021 ची चॅम्पियनशिप ट्रॅलीच्या ऑस्टिन स्टॅक्सने जिंकलेली, म्हणून कर्णधार त्यांचा, जो ओ'कॉनर. यावर केरीतच खूप लोक कुरकुरतात. सगळ्यांत लायक त्याला कर्णधार करा, हा काय जुनाट प्रकार, म्हणतात. मला मात्र त्यात एक न्याय दिसतो. राष्ट्रीय कप उचलणाऱ्या हातालासुद्धा तो हक्क खालून, गावाकडून येतो.

ऑगस्टपासून मग क्लबांचे सामने सुरू झाले, आणि खोलीत फळ्या पडल्या.

आमच्याकडे रविवारी दुपारी रेडिओ केरी लावलेला असतो. आवाज तात्यांच्या कानाप्रमाणे, म्हणजे रस्त्यावरून जाणाऱ्यालाही स्कोअर कळावा इतका. समालोचक खेळाडूचं नाव कधी एकटं घेत नाही. अमुक, तमुक क्लबचा. विभागीय सामन्यात तर हमखास, कारण एका जर्सीत आठ-दहा गावं असतात आणि प्रत्येक गावाला आपला पोरगा कुठला ते जाहीर व्हावंसं वाटतं. माई विणता विणता राथमोरच्या पोरांचे गुण मोजत. पूर्व केरी जिंकली का हरली हा त्यांच्या लेखी पुढचा प्रश्न.

सप्टेंबरात एका संध्याकाळी तात्या आणि माईंना घेऊन आम्ही फिट्झगेराल्ड स्टेडियमवर गेलो. जाण्याआधी तिकिटांचं रामायण झालं. दारावर रोख पैसे घेत नव्हते, फोनवरच काढायची. तात्यांनी खिशातून नोटांची घडी काढली, मी फोन दाखवला, आणि त्यांनी त्या फोनकडे असं पाहिलं की जणू मीच हा नियम केला. सत्तर वर्षं दारावर पैसे देऊन आत गेलेला माणूस. त्यांच्या रागात चूक काही नव्हतं.

या स्टेडियमविषयी थोडं सांगायलाच हवं. डिक फिट्झगेराल्ड हा किलार्नीचा, 1913 आणि 1914 साली केरीचा कर्णधार. 1930 मध्ये तो वारला, आणि त्याच्या नावाने मैदान करायचं ठरलं. जागा मिळाली ती गावाबाहेरच्या मनोरुग्णालयाशेजारी. उतारावरची, दगडगोट्यांची. ती सपाट करायला जे हात लागले, त्यांत त्या रुग्णालयातले रुग्णही होते. तिथले डॉक्टर एमन ओ'सुलिव्हन यांचं म्हणणं होतं की कोंडून ठेवण्यापेक्षा मोकळ्या हवेत काम करणं हाच उपचार आहे. हेच डॉक्टर केरीच्या फुटबॉल संघाचे प्रशिक्षक. 1924 ते 1962 या काळात त्यांच्या हाताखाली केरीने आठ वेळा अखिल आयर्लंड जिंकलं. 1936 मध्ये मैदान उघडलं. पुढे अनेक वर्षांनी त्याच रुग्णालयात परिचारक म्हणून काम करणारे वीशी फोगर्टी रेडिओ केरीवर फुटबॉलचा आवाज झाले. 2018 मध्ये ते गेले, तरी आमच्याकडे अजून त्यांची नक्कल करणारे आहेत. मी माणसांची शुश्रूषा करून पोट भरते, त्यामुळे असेल, पण त्या मैदानावर गेले की मला खेळाडूंच्या आधी ते फावडी घेतलेले लोक डोळ्यांपुढे येतात. त्यांच्या नावाचा कप नाही.

व्हीलचेअरची जागा अगदी कडेला होती. तिथून खेळ पाहणं म्हणजे टीव्हीच्या बरोबर उलट. चेंडू कुठाय ते अर्धा वेळ कळत नाही, पण माणसाला माणूस धडकल्याचा आवाज पोटात येतो. बूट चिखलातून सुटताना येणारा आवाज, गोलकीपरची ओरड, मागे बसलेल्या बाईचं आपल्या पोराला उद्देशून अखंड चाललेलं शिव्यावजा प्रोत्साहन. मध्यंतरात लहान पोरं चेंडू घेऊन मैदानात घुसली. सामना संपल्यावर तर सगळ्यांनाच आत मोकळीक. आणि ज्याला जुलैत देशाने पाहिलं तो डेव्हिड क्लिफर्ड घामेजलेला, चिखलाने माखलेला, पोरांच्या गराड्यात उभा राहून जर्सींवर, टोप्यांवर, एकाच्या तर हाताच्या प्लास्टरवर सह्या करत होता. कुणी बाजूला काढायला आलं नाही. तात्या म्हणाले, चांगला आहे पोरगा, पण फॉसाचा आहे.

तेव्हा मला कोल्हापूर आठवलं. मी शिवाजी पेठेत वाढले आणि लग्न करून मंगळवार पेठेत गेले. ज्यांना कोल्हापूरचा फुटबॉल ठाऊक आहे त्यांना यातली अडचण सांगायला नको. माहेरी शिवाजी तरुण मंडळ, सासरी पाटाकडील तालीम. शाहू स्टेडियमवर सामना असला की सासूबाई मला जेवायला वाढायच्या, पण स्कोअर विचारायच्या नाहीत. महाराष्ट्रात बाकी सगळीकडे क्रिकेट, आणि आमच्याकडे पेठेच्या तालमीचा फुटबॉल, तिथली ईर्ष्या आणि तिथली भांडणं, कधी पोलीस बोलवावे लागतील अशी. फरक एवढाच की आमच्या तालमींनी पुढे बाहेरून खेळाडू आणायला सुरुवात केली. चांगले असायचे ते, पण मांडवातल्या पाहुण्यासारखे; हंगाम संपला की कुठे जायचे कुणाला ठाऊक नसायचं. केरीत ती सोय नाही. जे आहे ते आपल्या हद्दीतलं, वाईट असलं तरी.

त्या शरदात पूर्व केरीने कप जिंकला. आमची आचारीण खूश, माई खूश, तात्यासुद्धा खूश, कारण लिस्ट्रीही पूर्व केरीतच येतं आणि त्यांची दोन-चार पोरं संघात होती. बापू एकटे गप्प. मग त्यांनी शांतपणे विचारलं, मन्स्टरला कोण जाणार? सगळ्यांना उत्तर माहीत होतं. सीनियर क्लबांमध्ये पहिले आलेले केरिन्स ओ'राहिलीज. बापूंनी चहाचा कप उचलला आणि पूर्व केरीच्या आरोग्यासाठी प्यायले. एवढा खोचक चहा मी आयुष्यात पाहिला नाही.

मग नोव्हेंबर आला, आणि पूर्व केरीच्या छत्रीखालचे लोक एकमेकांच्या उरावर बसले. केरीच्या प्रीमियर ज्युनियर गटाचा अंतिम सामना: फॉसा विरुद्ध लिस्ट्री. शेजारशेजारची दोन पॅरिश. काही आठवड्यांपूर्वी ज्यांनी एकाच जर्सीत कप उचलला होता ते आता एकमेकांना खांद्याने ढकलणार. माझ्या डोक्यात प्रश्न: हे जमतं कसं? रविवारी एकाच्या गळ्यात गळा आणि पुढे त्यालाच पाडायचं? मी तात्यांना विचारलं. त्यांना माझा प्रश्नच कळला नाही. खरंच कळला नाही. कान मंद म्हणून नव्हे. त्यांनी तीनदा विचारायला लावलं आणि मग म्हणाले, तेव्हा पूर्व केरी होती, आता लिस्ट्री आहे. बस. यापलीकडे सांगण्यासारखं त्यांच्याकडे काही नव्हतं.

त्या आठवड्यात तात्यांनी फॉसाच्या आचारिणीच्या हातचं सूप नाकारलं. चौकशी केली तर म्हणाले, भूक नाही. तिनेही मनावर घेतलं नाही; ताट परत नेताना एवढंच म्हणाली की रविवारनंतर लागेल. फॉसा जिंकलं. सोमवारी तात्यांनी सूप प्यायलं, मीठ कमी आहे म्हणाले.

हे असंच आहे हे पटायला मला वेळ लागला, कारण मी वेगळ्या प्रश्नांची सवय झालेली बाई आहे. परदेशात राहणाऱ्याला सगळे एकच विचारतात: तू आता इथली का तिथली? पासपोर्टचं काय, मुलं मराठी बोलतात का, क्रिकेटमध्ये आयर्लंड विरुद्ध भारत असेल तर कुणाच्या बाजूने? घरचेही विचारतात, इथलेही. प्रश्नात गृहीत असतं की एक हो म्हटलं की दुसरं नाही. आणि इथे ही माणसं, जन्मात काउंटी न सोडलेली, एका हंगामात तीन वेगवेगळ्या निष्ठा घालतात आणि काढतात, आणि त्यांना त्यात काही विसंगती आहे असं कुणी म्हटलं तर त्यांना म्हणणाऱ्याचीच काळजी वाटते. आज कुणाशी सामना आहे, एवढंच विचारायचं.

याच काळात माझ्यावर एक अवचित मान चालून आला. 17 डिसेंबरला लिओ वराडकर दुसऱ्यांदा पंतप्रधान झाले. त्यांच्या वडिलांचं मूळ गाव मालवण तालुक्यातलं वराड, हे आमच्या खोलीत मी आधीच सांगून ठेवलं होतं, बहुधा एकापेक्षा जास्त वेळा. बापू म्हणाले, तुझ्या पॅरिशचा माणूस जिंकला. मी सांगायला गेले की कोल्हापूर वेगळं, मालवण वेगळं, मधे घाट आहे. बापूंनी हात केला: एकाच विभागातले ना? मग झालं.

बापूंचा तो डिसेंबर सोन्याचा होता. केरिन्स ओ'राहिलीजने लिमरिकच्या न्यूकॅसल वेस्टला हरवून मन्स्टर जिंकलं, क्लबच्या इतिहासात पहिल्यांदाच. आमच्याकडच्या पूर्व केरीवाल्यांनी टाळ्या वाजवल्या. आता प्रश्न केरीचा होता, स्ट्रँड रोडचा नव्हता. जानेवारीत डब्लिनच्या किलमॅकड क्रोक्सने त्यांना अखिल आयर्लंडच्या उपान्त्य फेरीत हरवलं. बापूंनी रेडिओ बंद करायला सांगितला आणि डब्लिनविषयी असं काही बोलले की जे मी मराठीतही लिहिणार नाही. त्याच किलमॅकडचा पुढे डेरीच्या ग्लेनविरुद्धचा अंतिम सामना, ज्यात अगदी शेवटी किलमॅकडची ठरल्यापेक्षा जास्त माणसं मैदानावर होती आणि ज्यावरून देशभर वाद झाला, तो बापूंनी न्यायदानाच्या आवडीने ऐकला. फेरसामन्याचा आदेश निघाला, ग्लेनने तो नाद सोडला. बापूंचं मत: मोजता येत नाही त्यांना शहर म्हणतात.

आणि 15 जानेवारी 2023, रविवार. योगायोगाने त्या दिवशी संक्रांत होती. मी तिळाच्या वड्या करून नेल्या होत्या. ज्यांना साखर चालत नाही त्यांच्यासाठी नुसते भाजलेले तीळ, जे बघून त्यांनी माझी कीव केली. क्रोक पार्कवर एकापाठोपाठ दोन सामने. ज्युनियर क्लबांचा अखिल आयर्लंड अंतिम सामना: फॉसा विरुद्ध टिरोनचं स्ट्युअर्ट्सटाउन हार्प्स. इंटरमिजिएटचा: राथमोर विरुद्ध टिरोनचंच गॅलबली पिअर्सेस. पूर्व केरीतली दोन खेडी, समोर एकाच काउंटीतली दोन खेडी. क्रोक पार्कात 82,300 माणसं मावतात. फॉसात किती माणसं राहतात ते आचारिणीला विचारलं तर ती म्हणाली, आज एकही नाही.

ती स्वतःही डब्लिनला गेली होती, त्यामुळे जेवण बदली माणसाच्या हातचं. चक्क तात्यांनी तक्रार केली की नेहमीची बाई कुठाय.

फॉसाचा सामना काही सुबक झाला नाही. मिनिटं सरत आली तशी धक्काबुक्की वाढली, रेफ्रीने कार्डांची पाकिटं मोकळी केली, आणि सामना संपायच्या आधी पॉडी आणि डेव्हिड दोघेही मैदानाबाहेर होते. ज्यांच्या जोरावर इथवर आले ते दोघेही कडेला, आणि शेवटची मिनिटं उरलेल्या पोरांनी काढायची. रेडिओवरचा आवाज चिरकायला लागला होता. तात्या, लिस्ट्रीचे तात्या, ज्यांना फॉसाने नोव्हेंबरात हरवलं होतं, ते खुर्चीचे हात धरून पुढे वाकले होते आणि मॅरी, जोसेफ, सगळ्यांना हाका मारत होते. फॉसा 19 गुण, शून्य गोल; स्ट्युअर्ट्सटाउन 13 गुण, एक गोल. म्हणजे 19 विरुद्ध 16. तात्यांनी हात पुढे केला, मी त्यावर वडी ठेवली.

मग माईंची पाळी. राथमोरची एक गंमत आहे. त्यांचा शेन रायन जुलैत केरीचा गोलकीपर होता, आपल्या जाळ्यापाशी उभा. क्लबसाठी मात्र तो पुढे, आक्रमणात खेळतो, समोरच्याच्या जाळ्यावर चाल करून. देशातल्या पहिल्या प्रतीच्या गोलकीपरला त्याच्या गावाने सांगितलंय की आम्हाला तुझी गरज तिकडे आहे, आणि तो जातो. माईंना यात नवल वाटत नव्हतं. घरात जे करायला माणूस नसतं ते आपण करतो, म्हणाल्या. राथमोर जिंकलं. माईंनी विणकाम बाजूला ठेवलं आणि मला जवळ बोलावून विचारलं की हे जे तिळाचं आहे ते तुमच्याकडे जिंकल्यावर देतात का. मी म्हटलं, नाही, भांडण मिटवायला देतात. त्यांनी आणखी चार वड्या मागून घेतल्या, बापूंसाठी.

2023 साठी केरीचा कर्णधार झाला डेव्हिड क्लिफर्ड. कारण आदल्या वर्षीचा कप पूर्व केरीचा. त्या वर्षी त्या रिवाजावर कुरकुर जरा कमी ऐकू आली.

माझी स्वतःची चॅम्पियनशिप मात्र त्याच वसंतात सुरू झाली. आम्ही राहत होतो ते घर मालकाने विकायला काढलं. आयर्लंडमध्ये भाड्याचं घर शोधणं म्हणजे काय, ते इथे राहणाऱ्यांना सांगायला नको आणि इतरांना सांगून पटणार नाही. एका घराला रांगेत चाळीस जण. आणि आमच्या चिरंजीवांनी तेवढ्यात फुटबॉल सुरू केलेला, त्यामुळे घर कुठे मिळतं त्यावर क्लब ठरणार. ही बातमी बैठकीच्या खोलीत पोचली, आणि मला सल्ले मिळायला लागले. माई म्हणाल्या, राथमोरला ये, रेल्वे स्टेशन आहे, गाडीचा खर्च वाचेल. बापू म्हणाले, ट्रॅलीत भाडी बरी असतात, आणि स्ट्रँड रोडला समुद्राची हवा. तात्यांना लिस्ट्रीत एक रिकामं घर ठाऊक होतं. छप्पर गळतं, पण पोराला खेळायला जागा खूप. नवऱ्याने हे सगळं ऐकून विचारलं की यांच्यापैकी कुणी कामाच्या जागेचं अंतर विचारात घेतलंय का. कुणी घेतलं नव्हतं.

घर मिळालं ते फॉसात. आचारिणीच्या मावसबहिणीच्या ओळखीने, दोन खोल्या, मागे गवत. मी तात्यांना स्वतःच जाऊन सांगितलं, दुसऱ्याकडून कळायला नको म्हणून. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. पोरगा किती वर्षांचा, विचारलं. डावा पाय की उजवा, विचारलं. गवत कापायला मशीन लागेल, भाच्याकडे एक पडून आहे ते पाठवतो म्हणाले. मग मी उठले तसे म्हणाले, आणि त्याला सांग, आमच्याविरुद्ध सामना असेल त्या दिवशी मी त्याला ओळखत नाही.